थोरलीचा पाय

त्या सकाळी बदकं बाहेर आली आणि माझ्या कानाला एक पाऊल कमी पडलं. मी पायरीवर बसलेली, बशीत चहा ओतलेला, डोळे मिटलेले. डोळे मी मुद्दाम मिटते. बारामतीत सकाळी उघड्या डोळ्यांनी बघण्यासारखं काय असतं? समोर कंपाउंडची भिंत, भिंतीपलीकडं द्वारकाबाईच्या गच्चीत वाळत घातलेले परकर, त्याच्यावर केबलच्या वायरी. ऐकायला मात्र पुष्कळ असतं. स्टँडावरचा कर्णा, दुधाच्या गाडीतले कॅन, एमआयडीसीचा भोंगा, आणि ह्या सगळ्याच्या आधी माझ्या बदकांचे पाय. कोब्यावर ओले पाय पडले की पट् पट् पट् असा आवाज होतो, शेजारच्या घरात कुणी भाकरी थापावी तसा. खुराड्याची फळी काढली की आधी थोरली निघते, मग तिच्या मागं बाकीचं बिऱ्हाड. थोरलीचं पाऊल जड, ते मला हजारांत ओळखू येतं. त्या दिवशी तिचं पट् आलं, मग काहीच नाही, मग पुन्हा पट्. मधली जागा रिकामी. मी डोळे उघडले. थोरली अंगणाच्या मधोमध एका पायावर उभी होती आणि दुसरा पाय तिनं पोटाखाली ओढून घेतला होता. बदक एका वेळी एकाच डोळ्यानं बघतं. त्या एका डोळ्यानं ती माझ्याकडं अशी बघत होती, की जणू पाय तिचा नाही, माझा आहे, आणि मीच तो कुठंतरी ठेवून विसरले आहे.

घर बुद्धघोषचं, माझ्या मुलाचं. कागद त्याच्या नावाचे, कलर टीव्ही सुनेचा, कोबा माझा. निरवांगीहून मला इथं आणलं तेव्हा मी एवढी एकच अट घातली होती. पोरगा म्हणाला, "आई, पुढं जरा जागा मोकळी ठेवू, गुलाब लावू, लॉन करू." मी म्हटलं, "लॉन म्हंजी काय रं?" म्हणाला, "गवत." "गवत काढण्यात माझा जन्म गेला, आन् तू आता ते पेरणार व्हय?" कंपनीत तो स्टोअर सांभाळतो, तिथं त्याच्या शब्दाला मान आहे म्हणे. घरात मी आहे. गवंड्याला मी स्वतः उभं राहून सांगितलं, एक बोट माती दिसता कामा नये. त्यानं विचारलं, "आजी, झाडाला एखादं आळं तरी?" "झाडाला रान हाय मला. तू सिमेंट वत." तो वरून गुळगुळीत करायला लागला तर तेही नको म्हटलं. गुळगुळीत जमिनीवर म्हातारी माणसं घसरतात आणि मग सुनेच्या हातानं पाणी पितात. "खरखरीत ठेव. पाय रोवून चालता आलं पायजे." त्यानं ओल्या सिमेंटवरनं खराटा फिरवला, दोरी मारून चौकटी पाडल्या. फाटकापासून न्हाणीपर्यंत आणि तिथून मागच्या भिंतीपर्यंत सगळीकडं, खुराड्याच्या आतसुद्धा कोबा, आणि कडेला बदकांना डुंबायला छोटा हौद. रोज बादल्या ओतून मी तो धुते, फिनेल टाकते, पाणी फाटकाबाहेर लोटते. असं अंगण गल्लीत कुणाचं नाही. द्वारकाबाईचंसुद्धा नाही. ती बावड्याच्या बागायतदाराची लेक, भाजीपाल्याच्या गाड्या पुण्याला पाठवणारं माहेर. आम्ही राहायला आलो त्याच आठवड्यात भिंतीवरून वाकून म्हणाली होती, "भागुबाई, काय चकाचक ठेवलंय हो! खरं सांगते, तुमच्यात इतकी स्वच्छता मी कुठं बघितली न्हवती." तुमच्यात. शब्द साखरेत घोळून दिला तरी खडा तो खडाच. मी हसले, बोलायचं ते पोटात ठेवलं, आणि दुसऱ्या दिवसापासून दोन बादल्या जास्त ओतायला लागले.

चिखल काय असतो ते तिला कळायचं नाही. निरवांगीला आमची वस्ती उताराच्या बुडाशी. गावाचं सगळं पाणी, पावसाचं, मोऱ्यांचं, गोठ्यांचं, वाट काढत आमच्या दारात यायचं आणि पाहुण्यासारखं बसून राहायचं, उठायचं नाव नाही. दीक्षेच्या सालात देव्हारे गेले, देव गेले, पोरांची नावं बदलली. चिखल तेवढा होता तिथंच राहिला. आषाढ लागला की सगळ्या वस्तीच्या पायांना चिखल्या. ज्याला झाल्या नाहीत त्याला सांगून उपयोग नाही. बोटांच्या बेचक्यात कातडं पांढरं होऊन फाटतं, आत लाल मांस, आणि खाज अशी की माणूस उंबऱ्याच्या कडेवर पाय घासून घासून रक्त काढतो आणि त्याला बरं वाटतं. सासू मेंदीचा पाला वाटून बेचक्यात भरायची. पाला नसला तर रॉकेल. रॉकेल लावल्यावर बुद्धघोषचा बाप, एवढा दांडगा माणूस, भिंतीला धरून उडायचा, आणि मी हसायचे, कारण माझी पाळी त्याच्यानंतर असायची. माहेरी अंथुर्ण्यालाही हेच. मी शाळेत गेले ती दुसरीपर्यंत. काय शिकले ते विसरले, पण मास्तर दारातनं परत पाठवायचे ते नाही विसरले. "पाय धुऊन ये गं भागू." ओढ्यावर जाऊन पाय धुवायचे आणि परत यायचं ते चिखलातूनच, म्हणजे पुन्हा दारात उभं राहायचं. मास्तर वाईट नव्हते. त्यांना एवढंच माहीत नव्हतं की धुतलेले पाय ठेवायला कोरडी जागा लागते. तेव्हापासून माझ्या मनात एक अंगण होतं. पांढरं, टणक, वाजणारं. पन्नास वर्षं मी ते डोक्यात वागवलं आणि बारामतीत जमिनीवर उतरवलं.

आता त्या अंगणात थोरली लंगडत होती. मी तिला धरलं, काखेत दाबलं, पाय उलटा केला. तळव्याच्या मधोमध काळं बटण बसवल्यासारखी खपली, भोवती सूज, आणि हात लावला तर गरम. माणसाच्या पायाला कुरूप होतं तसं, पण कुरूप थंड असतं. हे आतून पेटलेलं होतं. मग एकेक करून सगळ्यांचे पाय बघितले. नराच्या तळव्याला नुसती लाली. दोघींना बारीक चिरा. आणि एक करडी मादी, तिचं तर वरच्या सांध्यापर्यंत सुजलेलं. ती आधीपासून कमी चालत होती आणि मी तिला आळशी म्हणत होते. मी हळद-तेल कढवून लावलं. खाली मऊ असावं म्हणून ऊसतोडीच्या फडातनं पाचट आणून अंथरलं. पाचटाची कड म्हणजे करवत, हे जन्मभर ऊस खुरपलेल्या बाईला कळू नये? दोन दिवसांत बोटांमधल्या पडद्यालाही चिरा पडल्या. पाचट गोळा करून मी बंबात घातलं. ते जळताना तडतडत होतं आणि थोरली पोटावर बसून ऐकत होती. बदक दिवसा बसलं की समजावं काहीतरी बिनसलंय. आणि थोरली बसणाऱ्यातली नव्हे. ती माझ्यासारखी. घरात सगळे जेवले का, खुराड्यात सगळे आले का, हे बघून मग टेकणारी.

जनावरांच्या दवाखान्यात मी तिला पाटीत घालून रिक्षानं नेलं. रिक्षावाला म्हणाला, "आजी, सणाला का?" मी म्हटलं, "तुझ्या तेराव्याला." दवाखान्यात गाभण म्हशी, पोट फुगलेली रेडकं, आणि त्यांच्यात मी पाटी घेऊन. लोक बघत होते. बघू देत. आपलं जनावर छोटं म्हणून आपण खाली बसायचं नसतं. डॉक्टर पोरसवदा, चष्म्याचा, पण हात चांगला. त्यानं थोरलीला उलटं केलं नाही, अंगाशी घेतलं आणि पाय ताणला तरी ती ओरडली नाही. "आजी, हिला खायला काय घालता?" "मका, भाकरी, भात. पोटभर." "तिथं एक चुकतं. वजन फार झालंय. सगळा भार ह्या एवढ्याशा तळव्यावर. थोडं मापात घाला, हिरवा पाला वाढवा." मी म्हटलं, "डॉक्टरसाहेब, मापानं वाढलेलं लई खाल्लंय आमी. माझ्या दारात कुणाला मोजून वाढत न्हाय." त्यानं चष्मा वर सरकवला. मग म्हणाला, "बरं. अंगण कशाचं आहे?" मला तो प्रश्न आवडला. मी ताठ झाले. "कोबा हाय. फाटकापासनं मागच्या भिंतीपातुर. रोज फिनेल टाकून धुते." मला वाटलं तो वाहवा म्हणेल. त्यानं थोरलीचा पाय माझ्यासमोर धरला. "ह्याला आपल्या ओठासारखं समजा. पाण्यानं मऊ पडतो. हौदातनं निघालेला ओला पाय दिवसभर खरखरीत सिमेंटवर घासला की चीर पडते, चिरेतनं घाण शिरते, आत गाठ धरते. वरनं खपली, खाली पू. हाडापर्यंत गेलं की संपलं. फिनेल तर बंदच करा, चिरलेला पाय पोळतो त्यानं." मी म्हटलं, "तुमच्या दारातनं येताना माझा पाय शेणात भरला, आन् तुमी मला स्वच्छता शिकवता?" तो हसला. "शेण परवडलं आजी, सिमेंट नाही. औषध देतो, सुई मारतो. पण ते हिच्या पायाला झालं. अंगणाला काय देऊ?" करड्या मादीचं मी तोंडी सांगितलं तर त्यानं तिचं अवघड आहे म्हणून मान हलवली. परत येताना रिक्षात मी थोरलीवर पदर टाकला. कुणी बघू नये म्हणून नव्हे, ऊन होतं म्हणून.

सून मेघना दवाखान्यात नर्स आहे, माणसांच्या. संध्याकाळी ड्युटीवरून आली, पर्स खुंटीला लावली आणि चहाच्या आधी थोरलीचा पाय बघितला. हे मी तिच्या खात्यावर धरते, पण तोंडानं सांगत नाही. तिनं कोमट पाण्यात मीठ टाकून घमेलं मांडलं, आत पाय धरायला मला बसवलं. "घट्ट धरा आत्या. पंख दाबू नका, अंगाशी घ्या." मी म्हटलं, "दवाखान्यात माणसं मारून झाली, आता माझी बदकं व्हय?" "माणसं बरी होऊन घरी जातात, आत्या. तुमच्यासारखी माझ्या डोक्यावर बसत नाहीत." जीभ आहे तिला. मीच पसंत केली होती. खपली भिजून मऊ झाली तशी तिनं चिमट्यानं कडेकडेनं सोडवली आणि आतनं पिवळा, चिवट, शिजलेल्या दाण्यासारखा गड्डा निघाला. थोरलीचं काळीज माझ्या हाताला लागत होतं, धडधड, धडधड, आणि माझ्या बोटांच्या बेचक्यांत पन्नास वर्षांपूर्वीची खाज उठली. खरोखर उठली. मेघनानं तांबडं औषध भरलं, कापूस, पट्टी, वरनं सायकलच्या जुन्या ट्यूबचा तुकडा कापून बूट बांधला. "असले पाय वार्डात रोज येतात. साखरेवाले. त्यांना पण कळत नाही कुठं घासलं ते." मग हात धुताना, पाठ माझ्याकडं करून म्हणाली, "पट्टी मी रोज बदलीन. पण सकाळी पुन्हा ह्याच कोब्यावर सोडणार असाल तर कशाला बदलू?"

बुद्धघोष दारात उभा होता, कंपनीचा शर्ट अंगात तसाच. त्यानं सगळं ऐकलं होतं. म्हणाला, "आई, बास झालं आता. भिगवण रस्त्यावरचा ढाबेवाला कधीपासनं मागतोय. बाजाराच्या दिवशी सकाळी येईल, सगळी घेऊन जाईल." "आन् मी काय करू?" "तू बस की. टीव्ही बघ. तुला काय कमी हाय?" मी म्हटलं, "डॉक्टर म्हंतो अंगण फोडा." तो एकदम खाली बसला. "फोडा? आन् काय करायचं? चिखल? आई, गल्लीत आपलं एकच घर हाय." एवढंच बोलला. पुढचं त्याला बोलावं लागलं नाही, मलाही विचारावं लागलं नाही. चिखल दिसला की द्वारकाबाई काय म्हणेल, तिची जाऊ काय म्हणेल, पिठाच्या गिरणीत कुणाकुणाच्या तोंडी येईल, ते त्याच्या डोळ्यांत सगळं लिहिलेलं होतं. तो भित्रा नाही. कंपनीत साहेबाला नडतो. पण दारातला चिखल त्यानंही बघितलाय, त्याच्याही बोटांत रॉकेल घातलंय मीच. त्याला बदकं नको होती असं नव्हतं. त्याला मागं जायचं नव्हतं. आणि मला तरी कुठं जायचं होतं?

दुसऱ्या दिवशी दुपारी घरात कुणी नव्हतं. करडी मादी सकाळीच गेली होती. मान पंखात घालून गेली, झोपल्यासारखी. मी तिला पोत्यात गुंडाळून ठेवलं आणि पायरीवर येऊन बसले. कोबा तापून पांढरा झाला होता, डोळ्यांना झोंबत होता. मला एकाएकी आठवलं, की ह्या कोब्यावर मी अनवाणी कधी चाललेच नाही. गावाकडं पायात काही नसायचं. इथं आल्यापासून स्लीपर. ज्या अंगणासाठी जन्म काढला त्याला माझा पाय लागलेलाच नव्हता. मी स्लीपर काढल्या आणि खाली उतरले. काही कळेना. टाचा कधीच मेलेल्या, भेगांच्या, दगड झालेल्या. माझ्या पायाला कुठलीही जमीन सारखीच. मग मी बसले, तळहात टेकला आणि हौदापासून खुराड्यापर्यंत फिरवत नेला, जसं थोरली जाते तसा. खराट्यानं ओढलेली ती रेघ न् रेघ हाताला लागली. खरखर, खरखर. मीच सांगितलं होतं तसं ठेवायला. निम्म्यात आले तेव्हा तळहाताची साल निघून चुरचुरायला लागली होती. तिथंच बसून राहिले. उन्हात बसलं की डोकं भलतीकडं जातं. मला आमचं रान दिसायला लागलं. सरकारनं वतनाचा तुकडा परत दिला तेव्हा गाव मनातनं जळलं होतं. मग वरच्या अंगाच्या ऊसवाल्यांनी पाटाचं पाणी रात्रंदिवस पाजलं, ते झिरपून आमच्या तुकड्यात उतरलं, आणि जोंधळा मुळासकट कुजला. गाव हसलं. "भागे, आता काय पेरतीस? बेडूक?" मी धरणाकाठच्या फुलाबाई मासेवालीकडनं बदकाची पिल्लं आणली आणि त्या दलदलीत सोडली. त्याच दलदलीनं त्यांना किडे दिले, गोगलगायी दिल्या, मऊ जमीन दिली. त्या रानात कधी एकाही बदकाचा पाय सुजल्याचं आठवत नाही. त्यांच्या अंड्यांवर बुद्धघोषची फी गेली, त्याचे बूट आले. माझ्या पायांना चिखल्या करणारा आणि माझ्या पोराला बूट घालणारा चिखल एकच होता. आणि मी माझा रोग काढायला निघाले आणि बदकांना भलताच लावला. ती माझ्या अंगणात राहत होती, माझ्या पायांनी चालत नव्हती. एवढी साधी गोष्ट. ती मला कुणी सांगितली असती तर मी त्याच्या तोंडाला तोंड दिलं असतं. म्हणून बरं झालं, कुणी नव्हतं.

बाजाराच्या दिवशी बुद्धघोष पहिल्या पाळीला गेला आणि मी पहार काढली. लुगड्याचा काचा मारला. हौदाजवळच्या चौकटीत पहिला घाव घातला तेव्हा पहार उडाली, हात मनगटापर्यंत झिणझिणला आणि कोब्यावर नुसता पांढरा डाग पडला. चांगलं केलं होतं काम गवंड्यानं. मला बरं वाटलं. जे फोडायचं ते पक्कं तरी असावं. कडेनं टोक घातलं, खाली दगड ठेवून तोलली, सगळं अंग टाकलं, तशी चौकट कण्हली आणि तडा गेला. त्या तड्यातनं वर आला तो वास मी विसरले होते. झाकून ठेवलेल्या मातीचा, ओलसर, जुन्या कणगीसारखा. मी तिथं पहारीवर रेलून उभी राहिले आणि तो नुसता घेतला. एवढ्यात फाटक वाजलं. ढाबेवाला, सायकलला मागं दोन डालगी. "आजी, बदकं न्यायला आलोय. साहेबांनी सांगितलं होतं." "साहेब कंपनीत. हितं मी हाय." "मग बदकं?" "खडी न्हे. पाहिजे तेवढी न्हे, फुकट. तुझ्या गिऱ्हाइकाला मटनात घाल." त्यानं माझ्याकडं बघितलं, पहारीकडं बघितलं आणि सायकल फिरवून गेला. मेघना सकाळची ड्युटी करून तीनच्या सुमाराला आली, फोडलेलं बघितलं, थोरलीला मांडीवर घेऊन पट्टी सोडायला बसली. मी म्हटलं, "हात लाव की जरा." म्हणाली, "माझे हात सुया टोचायचे आहेत आत्या, सांभाळायला लागतात. तुमचं चालू द्या, छान दिसताय." चार वाजता बुद्धघोष आला. फाटकात उभा राहिला. निम्मं अंगण उलथलेलं, आई घामानं भिजलेली, बायको बदकाला बूट घालतेय. "आई, काय केलंस हे?" "मला कोबा पायजे हुता, म्या घातला. आता नको हाय, म्या फोडला. दोन्ही बारी माझीच मर्जी. कुणी इचारलं तर असंच सांग." तो घरात गेला आणि टीव्ही मोठ्यानं लावला. पण दुसऱ्या दिवशी अर्धी रजा टाकून खडी उचलायला तोच आला. तोंडाला टॉवेल गुंडाळून, म्हणजे गल्लीत कुणी ओळखू नये. त्याचे कान लांबनं ओळखू येतात, बापाचेच आहेत. ते मी त्याला सांगितलं नाही.

माती मी इथली घेतली नाही. निरवांगीच्या गेणूला निरोप धाडला, त्याचा ट्रॅक्टर आहे, आणि आमच्या पाणथळ तुकड्यातला गाळ भरून आणायला लावला. गेणू म्हणाला, "काकी, बारामतीत काय माती मिळत न्हाय व्हय? येवढ्या लांबनं चिखल आणल्यालं मी पयलांदाच बघतोय." मी म्हटलं, "तू आण. तुला चिखल कुठला आन् गाळ कुठला ते कळत आसतं तर तू ट्रॅक्टर चालवत बसला नसतास." ट्रॉली गल्लीत शिरली ती भर दहा वाजता, सगळ्या बाया दारात असताना. मी मुद्दाम तीच वेळ दिली होती. काळाभोर, लोण्यासारखा गाळ फाटकातनं आत ओतला तेव्हा गेणूचा ट्रॅक्टर आणि माझा आवाज, दोन्ही गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू गेले असणार. खुराड्यात मात्र कोरडं. वखारीतला लाकडाचा भुसा, रोज चाळून, ओला झाला की बदलून. डॉक्टर येऊन बघून गेला. त्यानं बोट लावून गाळ बघितला, "आजी, हे झकास," म्हणाला. मी त्याला चहा दिला आणि साखर जास्त घातली. बाकीच्यांच्या चिरा महिन्याभरात भरल्या. थोरलीचा पाय बरा झाला, पण एक बोट आखडूनच राहिलं. ती आता चालते ती जरा एका अंगाला झुकून, पाटलिणीसारखी. मका मी थोडा कमी केला. मोजत नाही, नुसता हात आवरते.

पाऊस उघडल्यावर एका सकाळी द्वारकाबाई फाटकात आली. इतके दिवस भिंतीवरनं नाकाला पदर लावून बघत होती, बोलत नव्हती. मला वाटलं आता काढते वास, माशा, डास. मी जीभ परजून ठेवली. ती म्हणाली, "भागुबाई, एक मागू का? ह्यो गाळ... आमच्या माहेरी नदीला असा यायचा पूर्वी. आता कुठं बघायला न्हाय मिळत. माझं तोंडलं वेल धरतंय आन् फळ धरंना. पाटीभर द्याल का? बदकांचं खत मुरलंय त्याच्यात, मला लांबनंच कळतंय." बाई रानातलीच शेवटी; माती बघून तिचे डोळे निराळे झाले होते, ते मला दिसलं आणि, खोटं कशाला बोलू, ती मला त्या क्षणी पहिल्यांदा आवडली. पण आवडली म्हणून काय झालं. मी म्हटलं, "पाटीभर का, दोन न्हेवा. द्यायला आमचा हात आखडत न्हाय." ती म्हणाली, "मग संध्याकाळी आमच्या गड्याला धाडते मागनं." "गडी नको. माझी बदकं परक्या गड्याला बुजतात. तुमी या. आत्ता." ती घुटमळली, इकडंतिकडं बघितलं. गल्लीत पिठाच्या गिरणीकडं निघालेल्या दोघी-तिघी थांबल्या होत्या. तिनं फाटक लोटलं आणि पाय आत टाकणार तोच मी म्हटलं, "चपला भायेर काढा द्वारकाबाई. हितं बदकं चालत्यात. पाय नाजूक आसत्यात त्यांचं."

तिनं चपला काढल्या, जोडीनं फाटकाशी ठेवल्या. गोऱ्या पायांच्या बोटांत जोडवी, आणि बोटांमधनं माझा काळा गाळ वर आला. तिनं लुगडं पोटऱ्यांपर्यंत उचललं, वाकून पाटी भरली, नीट, कोपऱ्यातला चांगला मुरलेला बघून भरली. भरलेली पाटी उचलवेना तिला एकटीला. मी एक कड धरली आणि तिच्या डोक्यावर दिली, जशी बाईनं बाईला द्यावी. पाटीतल्या गाळाचं पाणी तिच्या कानामागनं मानेवर उतरलं. थोरली बाजूनं झुकत झुकत तिच्या पायाशी आली, चोचीनं बोटं चाचपून बघितली आणि निघून गेली.

"फाटक लावून घ्या जाताना," मी म्हटलं.